झाडाखाली काही उगवत नाही, ते विषामुळेच का?

गेल्या अंकात मी ओझरतं लिहिलं होतं की, झाडं पानांत तयार केलेल्या साखरेचा चांगला वाटा मुळांवाटे मातीत सोडतात आणि त्या स्रावात कधी कधी शेजाऱ्याला दाबणारी द्रव्यंही असतात. वाक्याच्या या उत्तरार्धानेच वाचकांना झपाटलेलं दिसतंय. बहुतेक पत्रांत कुठल्या ना कुठल्या झाडावर विषप्रयोगाचा आरोप आहे. वनस्पतींचं शरीरक्रियाशास्त्र शिकवण्यात माझी नोकरी गेली, त्यामुळे झाडांचं वकीलपत्र घ्यायचा मोह मला होतोच. तरी पुरावा बघूनच बोलू.

प्रश्न : आवाराच्या कडेला निलगिरीची जुनी रांग आहे. तिच्याखाली गवताची काडी उगवत नाही. कुणी म्हणतं झाडं पाणी पिऊन टाकतात, कुणी म्हणतं पानांतलं तेल उतरून माती विषारी होते. खरं काय?

उत्तर : आधी एक करून बघा. बरेच दिवस पाऊस झालेला नसताना झाडाखालचा पाचोळा हाताने बाजूला सारा आणि उघड्या झालेल्या मातीवर ड्रॉपरने पाण्याचा एक थेंब सोडा. साध्या मातीत तो पडताक्षणी जिरतो. निलगिरीखाली मात्र तो पुष्कळदा तसाच बसून राहतो. गोल, चकचकीत, कडेला धुळीचे कण चिकटलेला. मातीचे अभ्यासक हीच चाचणी वापरतात. थेंब पाच सेकंदांहून जास्त टिकला, तर ती माती पाणी झिडकारणारी समजतात. पानांतली मेणं आणि तेलं कुजता कुजता मातीच्या कणांवर पातळ लेप चढवतात, बुरशीचे तंतू त्यात भर घालतात आणि पहिल्या सरींचं पाणी आत शिरण्याऐवजी वरून वाहून जातं. म्हणजे झाडाने माती रासायनिक दृष्ट्या बदलली हे खरं, पण गवत विषाने मेलं असं त्यावरून म्हणता येत नाही. ते तहानेने मेलं असेल. वर सावली आहे, पाचोळ्याचा थर आहे, शिवाय वरच्या थरातलं उरलंसुरलं पाणी ओढणारी निलगिरीची मुळं आहेतच.

आता तेलाचं. निलगिरीच्या पानात सिनिओल असतं. बंद काचेच्या बशीत बियांशेजारी चुरडलेलं पान ठेवलं, तर उगवण मंदावते आणि कोंब खुरटतात, यात वाद नाही. पण बशीत जे दिसलं ते रानात घडतंच, हे मानायला मी तयार नाही. बशीत वारा नाही, चिकणमातीचे कण नाहीत, जिवाणू नाहीत. मातीत पडलेलं कुठलंही सेंद्रिय द्रव्य हे कुणाचं तरी खाद्य असतं आणि खाणारे तिथे अब्जांनी बसलेले असतात. शिवाय पानांचा अर्क पुरेसा दाट केला, तर नुसत्या क्षारांनी आणि साखरेनेच बियांना पाणी शोषता येत नाही. अशा रीतीने अगदी पालकही विषारी ठरवता येईल. विद्यार्थ्यांचे असले प्रकल्प मी ढिगाने तपासलेत. निष्कर्ष नेहमी एकच, ‘अमुक वनस्पतीचा अर्क बियांच्या उगवणीस मारक आहे’.

या विषयातली सगळ्यांत गाजलेली गोष्ट कॅलिफोर्नियातली आहे. तिथे डोंगरउतारांवर साल्व्हियाची सुगंधी झुडपं कुरणात घुसतात आणि झुडपांच्या प्रत्येक पुंजक्याभोवती एक-दोन मीटर रुंदीची उघडी पट्टी तयार होते. ती वरून स्पष्ट दिसते. कॉर्नेलियस म्युलर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९६४ साली ‘सायन्स’ या नियतकालिकात मांडलं की, झुडपांतून उडणारे कापूर आणि सिनिओलसारखे टर्पिन गवताच्या बिया दाबतात. स्पष्टीकरण इतकं सुबक की पाठ्यपुस्तकांनी ते लगेच उचललं. पुढे १९७० साली त्याच नियतकालिकात ब्रूस बार्थोलोम्यू यांचं काम आलं. त्यांनी उघड्या पट्टीत तारेच्या जाळीचे पिंजरे लावले. जाळीतून वास आरपार जात होता. उंदीर, ससे आणि पाखरं मात्र बाहेर राहत होती. पिंजऱ्यांत गवत उगवलं. झुडपाच्या आडोशाला दडून बसणारे प्राणी फार दूर जायला धजत नाहीत आणि आसऱ्याजवळचं बी आणि कोंब खाऊन फस्त करतात. टर्पिन तिथे नव्हते असं नाही, त्यांचा थोडाफार वाटा असेलही. पण पट्टी राखणारे दात होते.

त्या मानाने उत्तर अमेरिकेतल्या काळ्या अक्रोडाविरुद्धचा पुरावा वजनदार आहे. रोमन लेखक प्लिनीने पहिल्या शतकातच अक्रोडाच्या सावलीला दूषणं दिली होती, अर्थात त्याचा अक्रोड वेगळ्या जातीचा. काळ्या अक्रोडाच्या हिरव्या फळाची साल कापली की आतला गर आधी फिका दिसतो, मग हवा लागून डोळ्यांदेखत तपकिरी आणि शेवटी काळा पडतो. हाताला लागलेला डाग दिवसेंदिवस जात नाही. डाग पाडणारं हे द्रव्य झाडाच्या आत रंगहीन आणि निरुपद्रवी रूपात असतं. हवेतल्या ऑक्सिजनशी गाठ पडली की त्याचं जुग्लोन होतं. १९२८ साली डेव्हिस या संशोधकाने जुग्लोन टोमॅटो आणि लसूणघासाच्या खोडात टोचून दाखवलं, रोपं कोलमडली. तरीसुद्धा जुग्लोनवर पोट भरणारे जिवाणू मातीत सापडलेत. निचऱ्याच्या, भुसभुशीत जमिनीत ते लवकर संपतं. चिबड, घट्ट जमिनीत जास्त टिकतं. त्यामुळे एकाच जातीच्या झाडाखाली एकीकडे टोमॅटो माना टाकतात आणि दुसरीकडे झकास येतात.

विष की उपासमार, हे ओळखायची एक युक्ती मला फार आवडते. जेफ्री वायडनहॅमर आणि सहकाऱ्यांनी ती १९८९ साली मांडली. कुंडीत रोपं दाट लावली की प्रत्येकाच्या वाट्याला अन्नपाणी कमी येतं आणि रोपं लहान राहतात, हा नेहमीचा अनुभव. पण मातीत विष असेल तर गणित उलटं होतं. दाट रोपांत विषाची वाटणी होऊन प्रत्येकाला थोडं थोडं मिळतं. विरळ लावलेल्या रोपांना मात्र मोठी मात्रा गिळावी लागते आणि तीच जास्त खुरटतात. विरळ रोपं दाट रोपांपेक्षा खुजी दिसली, तर विषाचा संशय घ्यायला जागा आहे.

तुम्ही असं करा. झाडाखालची माती एका कुंडीत, रांगेपासून दूरची माती दुसरीत. आणखी दोन कुंड्यांत याच दोन मात्या, पण सक्रिय कोळशाची पूड मिसळून. कोळसा अशी सेंद्रिय द्रव्यं धरून ठेवतो. तो पोषणातही थोडी ढवळाढवळ करतो, म्हणून दूरच्या मातीतही मिसळायचा. चारही कुंड्यांना सारखं ऊन आणि सारखं पाणी द्या. पाणी खरोखर आत मुरतंय ना, तेही पाहा. मोहरीसारखं बारीक बी टाका. झाडाखालच्या मातीत रोपं नीट वाढली, तर विषाचा आरोप मागे घ्या आणि पाण्याची व्यवस्था बघा. माझा अंदाज तसाच आहे.

प्रश्न : ज्वारीचा बेवड, म्हणजे ज्वारी काढलेलं रान, पुढच्या पिकाला मानवत नाही, असं वडील म्हणायचे. धसकटं नांगरून लगेच पेरलं तर पीक खरंच पिवळं पडतं. ज्वारी काही सोडते का?

उत्तर : सोडते, आणि ते डोळ्यांनी पाहता येतं. ज्वारीचे दाणे ओलसर टिपकागदावर, झाकलेल्या डबीत, अंधारात रुजत घाला. मुळं पाण्यात बुडू देऊ नका, नुसती दमट हवा हवी. मूळ बोटभर झालं की भिंगाखाली धरा. मुळावरच्या केसांच्या टोकांना सोनेरी-पिवळे तेलकट थेंब लटकलेले दिसतील. या थेंबांतलं मुख्य द्रव्य सॉर्गोलिओन. कोवळ्या तणाच्या पानातली प्रकाशसंश्लेषणाची यंत्रणा ते नेमकं तिथेच अडवतं, जिथे ॲट्राझिन हे तणनाशक अडवतं. बारीक बियांच्या तणांना ते जास्त जाचतं. मोठ्या दाण्यात शिदोरी बरीच असते, त्यामुळे त्याचं रोप तगून जातं.

याच सॉर्गोलिओनचा आणखी एक उद्योग आहे. मातीतले काही जिवाणू अमोनियाच्या रूपातल्या नत्राचं नायट्रेट करतात आणि नायट्रेट पाण्याबरोबर सहज वाहून जातं. सॉर्गोलिओन या जिवाणूंना आवर घालतं, म्हणजे नत्र जमिनीत जास्त टिकतं. एकच थेंब तणाला जाचक आणि नत्राचा राखणदार. आता याला विष म्हणायचं की खत, ते तुम्हीच ठरवा.

मात्र तुमच्या पिवळेपणाचं खापर मी आधी या थेंबांवर फोडणार नाही. धसकटांत कर्ब भरपूर आणि नत्र नावापुरतं. कर्ब-नत्र गुणोत्तर ५०:१ च्या वर. कुजवणाऱ्या जिवाणूंना साधारण २५:१ लागतं. तूट भरून काढायला ते मातीतलं नत्र उचलतात आणि पीक काही आठवडे उपाशी राहतं. फरक शेतात उभं राहून ओळखता येतो. उगवण एकसारखी झाली आणि मग खालच्या जुन्या पानांपासून पिवळेपणा वर चढू लागला, तर ती नत्राची भूक. उगवणच विरळ आणि तुटक झाली असेल, तर चार-दोन रोपं हलकेच उपटून मुळं धुवा. मुळाची टोकं तपकिरी, आखूड आणि जाडसर दिसली, बाजूची मुळं फुटलेलीच नसली, तर कुजणाऱ्या धसकटांतल्या द्रव्यांचा संशय घ्या. अर्थात मूळकुजीची बुरशीही जवळपास असंच दृश्य दाखवते.

उपाय दोन्हींवर बराचसा सारखाच. धसकटं बारीक करा, रानात ओल असताना मिसळा आणि पेरणीआधी काही आठवडे जाऊ द्या. कोरड्या मातीत कुजण्याचं काम थांबतं, त्यामुळे नुसते दिवस मोजून उपयोग नाही. तेवढा वेळ नसेल तर धसकटं गाडूच नका, वर आच्छादन म्हणून राहू द्या. म्हणजे निदान बी त्यांच्या मिठीत पडत नाही.

हरभऱ्याचा बेवड चांगला का, हेही तुम्ही विचारलंय. गाठींतल्या नत्राचं श्रेय सगळे देतात. शिवाय हरभऱ्याची मुळं मॅलोनिक, सायट्रिक अशी आम्लं सोडतात आणि मातीत अडकून पडलेलं स्फुरद (फॉस्फरस) मोकळं करतात. शेजारी दुसरं पीक असेल तर त्यालाही यातलं थोडं मिळतं.

प्रश्न : ज्वारी नसेल तर तिच्या मुळांवर पोसणारं टारफुला हे तण उगवत नाही. त्याच्या बीला जमिनीखाली कसं कळतं?

उत्तर : वासाने म्हटलं तरी चालेल. टारफुल्याचं बी धुळीच्या कणाएवढं, जेमतेम पाव-अर्धा मिलिमीटर. त्यात अन्नसाठा इतका तुटपुंजा की उगवल्यावर काही दिवसांत यजमानाचं मूळ सापडलं नाही, तर ते मेलंच. म्हणून ते मातीत वर्षानुवर्षं पडून राहतं आणि मूळ अगदी जवळ आल्याची खूण पटल्याशिवाय हलत नाही. ही खूण म्हणजे मुळांतून झिरपणारी स्ट्रिगोलॅक्टोन नावाची द्रव्यं. त्यातलं पहिलं, स्ट्रिगॉल, १९६६ साली वेगळं काढलं गेलं आणि तेही कपाशीच्या मुळांच्या स्रावातून. कपाशीवर तर टारफुला जगतच नाही!

पण शत्रूला जागं करणारं द्रव्य कुठलंही झाड पिढ्यानपिढ्या का सोडत राहील? हा प्रश्न जवळजवळ चाळीस वर्षं लोंबकळत होता. २००५ साली अकियामा आणि त्यांच्या जपानी सहकाऱ्यांनी उत्तर दिलं. स्ट्रिगोलॅक्टोन हे मुळांवर राहणाऱ्या मायकोरायझा बुरशीला दिलेलं आवतण असतं. ते मिळालं की बुरशीचे तंतू भराभर फाटे फोडून मुळाकडे धावतात आणि त्या बदल्यात झाडाला स्फुरद मिळतं. टारफुल्याने हे दुसऱ्याला धाडलेलं आवतण ऐकायची सवय लावून घेतली, इतकंच. जमिनीत स्फुरद कमी असेल तर झाड जास्त स्ट्रिगोलॅक्टोन सोडतं. हलक्या, उपाशी रानात टारफुला का माजतो, याचं एक कारण हे.

यावरून तोडगेही निघाले. इथिओपियात जन्मलेले गेबिसा एजेटा यांना २००९ सालचं जागतिक अन्न पारितोषिक मिळालं, ते टारफुल्याला दाद न देणाऱ्या ज्वारीच्या वाणांसाठी. त्यांतल्या काहींची मुळं हे आवतणच फार कमी सोडतात. दुसरा तोडगा कपाशीसारख्या पिकाचा. त्याची मुळं टारफुल्याला उठवतात, पण जगू देत नाहीत. अशी पिकं फेरपालटात आली की मातीतला बियांचा साठा उतरतो. मात्र एका हंगामात निकाल लागेल ही आशा नको. एकेक झाड हजारोंनी बी टाकतं, तेव्हा फुलण्याआधी उपटणं चुकत नाही.

प्रश्न : मी नववीत आहे. झाडं एकमेकांना धोक्याची सूचना देतात, असं मी वाचलं. हे खरं आहे का?

उत्तर : प्रश्न छान आहे, आणि ‘वाचलं म्हणून खरं’ असं तू धरून चालली नाहीस, हे त्याहून छान. १९८३ साली इयान बाल्डविन आणि जॅक शुल्ट्झ यांनी दाखवलं की, पानं फाडलेल्या रोपांशेजारी, त्याच बंद हवेत ठेवलेल्या धडधाकट रोपांच्या पानांतही बचावाची द्रव्यं वाढतात. वर्तमानपत्रांनी त्याची ‘बोलणारी झाडं’ केली आणि शास्त्रज्ञ चिडले. १९९० साली एडवर्ड फार्मर आणि क्लॅरेन्स रायन यांनी नेमकं द्रव्य दाखवलं, मिथाइल जॅस्मोनेट. सेजब्रश नावाच्या झुडपातून ते हवेत येतं. टोमॅटोचं रोप त्याच बंद काचपात्रात ठेवलं, तर त्याच्या पानांत अळ्यांचं पचन बिघडवणारी प्रथिनं तयार होतात.

पण सूचना ‘देतात’ का? रिचर्ड कार्बन यांनी सेजब्रशवर बरीच वर्षं काम केलंय. त्या झुडपाच्या एका फांदीतली खबर आतून दुसरीकडे नीट पोचत नाही, हवेतूनच जावी लागते. म्हणजे झुडूप बहुधा स्वतःच्याच दुसऱ्या फांद्यांना कळवत असतं आणि शेजारी कान देतात. हे माझं मत नाही, प्रयोग त्या दिशेला बोट दाखवतात. माझं मत एवढंच की, उदार झाडांच्या गोष्टींपेक्षा हे जास्त मजेदार आहे.

प्रश्न : ‘कोणत्या रोपाशेजारी कोणतं रोप लावावं’ असा तक्ता मिळाला. त्यात टोमॅटोभोवती झेंडू लावायला सांगितलाय. अशा तक्त्यांवर विश्वास ठेवावा का?

उत्तर : झेंडूपुरता, अर्धा. झेंडूच्या मुळांत अल्फा-टर्थिएनिल असतं आणि मुळांवर गाठी आणणाऱ्या सूत्रकृमींना ते मारक आहे. पण हा परिणाम जिवंत मुळांत आणि त्यांना अगदी लगटून होतो. टोमॅटोच्या वाफ्याच्या चार कोपऱ्यांत चार झेंडू लावले तर वाफा देखणा दिसेल, सूत्रकृमींना पत्ताही लागणार नाही. आख्ख्या वाफ्यात दाट झेंडू हंगामभर घ्या, त्यात तण राहू देऊ नका (सूत्रकृमी तणांवर तग धरतात) आणि मग त्या जागी टोमॅटो लावा. तक्त्यातल्या बाकीच्या जोड्यांपैकी बहुतेकांना मी आधार शोधत बसणार नाही. उंची, ऊन आणि पाण्याची गरज जुळवा, पुष्कळ झालं.

प्रश्न : जुन्या लसूणघासात मधे मधे जागा रिकाम्या पडल्या. तिथे पुन्हा बी टाकलं, पण उगवून मरतं. बी खराब का?

उत्तर : बी बहुधा चांगलंच आहे. लसूणघास स्वतःच्याच पोरांना दाबतो. जुन्या झाडांच्या पाल्यातून आणि मुळांतून उतरणारी द्रव्यं नव्या रोपाचं सोटमूळ खुरटवतात; रोप मेलं नाही तरी जन्मभर आखूड मुळाचं राहतं. रिकाम्या जागी एखादं गवतवर्गीय चारापीक घ्या. सगळंच मोडायचं असेल तर मधे एक-दोन हंगाम दुसरं पीक घेऊन मगच पुन्हा लसूणघास पेरा.

प्रश्न : गाजर गवत इतर झाडांना वाढू देत नाही म्हणतात. मग त्याचाच अर्क तणनाशक म्हणून का वापरू नये?

उत्तर : कल्पना चांगली आहे. त्या वाटेने एक तणनाशक बाजारात आलंही आहे, फक्त गाजर गवतापासून नाही. १९७७ च्या सुमारास कॅलिफोर्नियात एका रसायनतज्ज्ञाच्या लक्षात आलं की बॉटलब्रशच्या झाडाखाली तण फारसं नाही. तिथल्या मातीतून आणि झाडातून लेप्टोस्पर्मोन नावाचं द्रव्य निघालं. ते फवारलं की तणाची नवी पानं पांढरीफटक येतात, कारण हरितद्रव्याला उन्हापासून जपणारी पिवळी रंगद्रव्यं तयारच होत नाहीत. पण परिणाम दिसायला मात्रा फार लागायची. मग रसायनतज्ज्ञांनी रेणूत फेरफार करत करत शेवटी मेसोट्रायोन बनवलं, ते २००१ च्या सुमारास विक्रीला आलं. झाडाचा रेणू जसाच्या तसा क्वचितच कामी येतो, हे यात लक्षात घ्या.

गाजर गवतातलं पार्थेनिन त्याहून नाजूक. ओल्या, उबदार मातीत जिवाणू काही दिवसांत त्याचा फडशा पाडतात. अर्क दाट केला तर तणाबरोबर पिकाचीही पानं करपतील. त्याहून गंभीर म्हणजे हेच पार्थेनिन माणसाच्या त्वचेला ॲलर्जी आणतं, एकदा जडली की वर्षानुवर्षं पिच्छा न सोडणारी. बादलीत गाजर गवत कुस्करून ते फवारण्याचा उद्योग करू नका. फुलं यायच्या आधी, जमीन ओली असताना, हातमोजे घालून मुळासकट उपटा आणि खताच्या खड्ड्यात टाका. तिथे नीट कुजलं की पार्थेनिन उरत नाही आणि खत चांगलं होतं. फुलावर आलेलं मात्र खड्ड्यात टाकू नका; उपटल्यावरही त्याचं बी पिकतं आणि पुढच्या वर्षी खताबरोबर सगळ्या रानात पसरतं.